देवळापाशी राहिलेलं जनावर

सुरुवातीलाच माफी मागतो. लिहिणं हे माझं काम नाही. आमच्या घरात माझ्याआधी कोणी दहावीच्या पुढे गेलेलं नाही, आणि मीही जे वाचलं ते बहुतेक परीक्षेपुरतं. त्यात विषय एका खेळाचा. त्या वर्षांत आमच्या यवतमाळ जिल्ह्याबद्दल पुष्कळांनी लिहिलं, कापसाबद्दल लिहिलं, आणि ते लिहायलाच हवं होतं. त्याच वर्षांतली मोबाइलवरच्या प्राण्यांची गोष्ट मी सांगायला बसलो आहे, हे माझं मलाच अवघड वाटतं. पण मनापासून सांगण्यासारखं माझ्याजवळ एवढंच आहे, म्हणून लिहितो. कोणाला हे पोरकट वाटलं तर त्यात त्यांची चूक नाही.

हा खेळ आहे हे मला कितीतरी वर्षं माहीतच नव्हतं. लहानपणी शेजाऱ्यांच्या टीव्हीवर हिंदीत त्याचं कार्टून लागायचं. एक मुलगा गावोगाव फिरतो, विचित्र प्राणी पकडतो, त्यांना जीव लावतो आणि दुसऱ्यांच्या प्राण्यांशी त्यांची झुंज लावतो. वेफर्सच्या पुड्यात त्याच प्राण्यांची चित्रं असलेल्या गोल चकत्या निघायच्या. शाळेच्या अंगणात आम्ही त्या एकमेकांवर आपटून जिंकायचो. कार्टून संपलं, चकत्या बंद झाल्या, आणि मला वाटलं की ती गोष्ट संपली.

दहावीनंतर पांढरकवड्याला कॉम्प्युटरच्या क्लासला जायला लागलो, तेव्हा तिथल्या एका जुन्या मशीनमध्ये तो खेळ सापडला. कोणीतरी टाकून ठेवलेला होता. पडद्यावर काडेपेटीएवढा चौकोन, रंग नाही, नुसते करडे ठिपके. पण प्राणी तेच होते. मग सर बाहेर गेले की मी त्याच्याबद्दल वाचू लागलो. पहिला खेळ जपानमध्ये हातात मावणाऱ्या यंत्रासाठी निघाला होता. तो बनवणारा माणूस लहानपणी किडे गोळा करायचा. पुढे त्याच्या भागातली शेतं आणि डबकी जाऊन तिथे इमारती झाल्या, किडे दिसेनासे झाले. नव्या मुलांनाही काहीतरी पकडायला मिळावं म्हणून त्याने हा खेळ बनवला, असं तिथे लिहिलं होतं. वाचून मला हसू आलं. आमच्याकडे कापसावर दरवर्षी कोणती ना कोणती अळी असायचीच. किडे कमी पडले म्हणून कोणी दुःखी होऊ शकतं, हे आमच्या गावात सांगूनही कोणाला पटलं नसतं.

दुसरी एक गोष्ट वाचली ती मात्र डोक्यातून गेली नाही. तो खेळ पहिल्यापासून जोडीने निघत आला आहे. एका वेळी दोन आवृत्त्या. काही प्राणी एकीत, काही दुसरीत. सगळे हवे असतील तर दुसरी आवृत्ती असलेला माणूस गाठायचा, दोन यंत्रं वायरने जोडायची आणि अदलाबदल करायची. काही प्राणी तर असे, की कितीही वाढवा, दुसऱ्याच्या हातात गेल्याशिवाय ते पूर्ण रूप घेत नाहीत. पुढे रंग आले, दोन पडद्यांची यंत्रं आली, प्राणी शेकड्यांनी वाढले, वायर जाऊन हवेतून देवघेव होऊ लागली. पण एकट्याने हा खेळ पूर्ण होऊ द्यायचा नाही, हा नियम त्यांनी सोडला नाही. माझ्याकडेही असा एक प्राणी होता. क्लासच्या त्या मशीनवर तो शेवटपर्यंत वाढला आणि तसाच राहिला.

मग कॉलेज सुरू झालं. आमचं गाव केळापूरच्या पुढे आत आहे. सकाळी काळीपिवळी जीपने निघायचो आणि पांढरकवड्याच्या अलीकडे महामार्गावर उतरून चालत जायचो. आई कापूस वेचणीला जायची. बाबा जिनिंगमध्ये हमाल होते, रुईच्या गाठी ट्रकवर चढवायचे. कॉलेजमध्ये मला कोणी त्रास दिला असं नाही. एकदा वर्गात उत्तर देताना तोंडातून 'मले' निघालं आणि मागून दोघं हसले, एवढंच. तेव्हापासून मी बोलण्याआधी वाक्य मनात जुळवू लागलो, आणि जुळेपर्यंत बोलण्याची वेळ निघून जायची. घरी आलो की उलटं. बाबा विचारायचे, "आज काय शिकवलं बाबू?" आणि ते कसं सांगावं हे मला सुचायचं नाही. "शिकवलं चांगलं," एवढं म्हणायचो. ते मान हलवायचे. असं दोन्हीकडे माझं बोलणं कमी होत गेलं.

त्याच सुमाराला त्या खेळाचं नवं रूप मोबाइलवर आलं. यात घरी बसून चालत नाही, खरोखर रस्त्यावर चालायचं. जिथे चालाल तिथले प्राणी दिसतात. मी मोठ्या आशेने तो घेतला आणि गावात उघडला. पडद्यावर नुसतं हिरवं मैदान. ना प्राणी, ना रस्ता, ना घर. मी विहारापर्यंत गेलो, नाल्यापर्यंत गेलो, हिरवंच. पुढे कळलं की जिथे खेळणारे जास्त तिथेच प्राणी निघतात. आमच्या गावात मी एकटाच, तेव्हा निघणार कुठून?

मी काळीपिवळीतून उतरायचो तिथे मात्र वेगळं होतं. महामार्गाला लागून मारुतीचं छोटं देऊळ आहे. ते कोणीतरी त्या खेळात नोंदवलेलं होतं आणि तिथे अखाडा होता. अखाड्याचा हिशेब असा. खेळणाऱ्याने सुरुवातीला तीनपैकी एक रंग घ्यायचा, निळा, लाल किंवा पिवळा. आपला प्राणी अखाड्यात ठेवला की अखाडा आपल्या रंगाचा होतो. दुसऱ्या रंगाचा कोणी येऊन हरवत नाही तोवर प्राणी तिथेच राहतो. हरला की आपल्या मालकाकडे परत जातो. आपल्या रंगाचा प्राणी आपण हरवू शकत नाही. त्याच्या शेजारी आपला ठेवता येतो, आणि त्याला खाऊ घालता येतं. खाऊ म्हणजे बोरासारखी फळं, ती चालता चालता मिळतात. खाल्लं की त्याच्या डोक्यावरचा, पत्त्यांत असतो तसा बदाम भरतो, नाही खाल्लं की रिकामा होत जातो आणि प्राणी दुबळा होतो. आणि आपला प्राणी आत असेपर्यंत तो अखाडा आपल्याला कुठूनही पाहता येतो आणि तिथे खाऊही घालता येतो, शंभर कोसांवरूनसुद्धा.

रंग निवडताना मला विचार करावा लागला नाही. आमच्या वस्तीत वाढलेला मुलगा निळा सोडून दुसरा कोणता घेणार?

एक दिवस अखाड्यात माझ्या प्राण्याशेजारी दुसरा निळा प्राणी बसलेला दिसला. राखाडी, जाड कातडीचा, शिंगवाला. मालकाचं नाव इंग्रजी अक्षरांत, पक्ष्याच्या नावासारखं, पुढे गाडीच्या नंबरासारखे आकडे. मी कितीतरी वेळ पाहत उभा राहिलो. या रस्त्यावर माझ्याखेरीज आणखी कोणी होतं.

त्यानंतरचे काही महिने मला चांगले आठवतात. नागपूर-हैदराबाद जाणाऱ्या गाड्यांतले लोक कधी आम्हाला हुसकून लाल-पिवळे बसवून जायचे. मी त्यांना हरवून माझा प्राणी ठेवायचो. चार-सहा दिवसांनी राखाडी येऊन शेजारी बसायचा. कधी तो आधी येऊन जागा मोकळी करायचा आणि मी मागून. एकमेकांशी बोलायची त्या खेळात सोय नाही. तरी सकाळी उतरल्यावर तो दिसला की मला कोणीतरी नमस्कार केल्यासारखं वाटायचं. तो कोण असेल याचा मी रोज विचार करायचो. निळा आहे म्हणजे आपल्यातलाच असेल, असंही वाटून घ्यायचो. कधीतरी तो देवळापाशी उभा सापडेल, मी जाऊन म्हणेन की शेजारचा तो माझा, आणि पुढचं वाक्य मला जुळवावं लागणार नाही.

मग बोंडअळीचं ते वर्ष आलं. दुसरी वेचणी व्हायच्या आधीच लोकांनी पऱ्हाटीत, म्हणजे उभ्या कपाशीत, जनावरं सोडली. जिनिंग एका पाळीवर आली आणि हिवाळ्यातच बंद पडली. बाबा दिवसभर घरी बसू लागले. त्याच हिवाळ्यात नवा चौपदरी रस्ता बाहेरून गेला आणि देऊळ जुन्या रस्त्यावर राहिलं. मोटारी थांबेनात. खेळाची हौसही लोकांची ओसरली होती. लाल-पिवळे येईनासे झाले, आणि राखाडीचा मालकही. त्याचा प्राणी मात्र शेवटचा आला तेव्हापासून तिथेच होता. हरवायला कोणी नाही, मग परत जाणार कसा? मी निळा, मी फक्त खाऊ घालू शकत होतो. ते मी रोज केलं. सकाळी उतरलो की आधी त्याचा बदाम भरायचो, मग कॉलेज.

देवळाशेजारी एका मावशीची चहाची टपरी होती. तिचंही गिऱ्हाईक नव्या रस्त्याने नेलं होतं, तेव्हा पाहायला तिला वेळच वेळ होता.

"काहून रे पोट्टया, रोज देवाचा फोटो काढतं का?"

"नाही मावशी, गेम आहे."

"देवळात गेम?"

"देवळात नाही. इथे एकाचं जनावर राहिलंय, त्याला खाऊ घालतो."

तिने आधी पायरीकडे पाहिलं, मग माझ्या हातातून मोबाइल घेऊन डोळ्यांजवळ धरला. "हे? हे कोणतं जनावर हाये बाप्पा? ना म्हैस, ना रोही. कोणाचं हाये?"

"माहीत नाही."

"किती दिवस झाले?"

"हिवाळ्यापासून."

"अन् तू चारूनच राह्यला? तुले शेन लागते का त्याचं?" ती मोठ्याने हसली. मीही हसलो. त्या दिवशी तिने चहाचे पैसे घेतले नाहीत.

बाबांनाही एकदा सांगावं लागलं. रिकामे बसून ते माझ्याकडे पाहत असायचे. मी सगळं सांगितलं, रंग, अखाडा, बोरं. ते हसतील असं वाटलं होतं, पण त्यांनी नीट ऐकून घेतलं.

"चार-सहा दिवसांनी येत होता म्हनतं?"

"हो."

"अन् जिनिंग बंद झाल्यापासून नाही आला?"

हे माझ्या कधी ध्यानातच आलं नव्हतं.

"मंग गाडीवाला असंन तो," बाबा म्हणाले. "गाठीच्या गाडीवरचा. गाड्या सुरू झाल्या की इचारतो मी ड्रायव्हर लोकायले."

पण गाड्या सुरू व्हायला पुढचा हंगाम यावा लागणार होता. उन्हाळा गेला, पाऊस गेला. मी दुसऱ्या वर्षाला गेलो. राखाडी तिथेच. दसऱ्याच्या सुमाराला मावशीने एकदा मला समोर बसवून घेतलं. आता ती हसत नव्हती.

"एक सांगू का तुले? माया माहेरी कोणाची गाय भटकून आली, तर चारा-पाणी करत. पण ठेवून नाही घेत. चार गावात सांगत, ज्याची त्याच्या दारी नेऊन सोडत. तू वर्ष झालं चारून राह्यला. तुले वाटते पुण्य करून राह्यला. त्या मानसाचं जनावर तूनच अडवून ठेवलं."

मी नियम सांगितले. मला ते सोडवता येत नाही, दुसऱ्या रंगाचा माणूस लागतो.

"मंग मी होतो दुसऱ्या रंगाची. पाह्य बरं, या फोनमधी येते का तुयावाला गेम?" पुण्याला कंपनीत असलेल्या मुलाने तिला मोबाइल घेऊन दिला होता. ती त्यावर फक्त त्याचा फोन घ्यायची.

रंग विचारला तर देवळाकडे हात करून म्हणाली, "माया मारुतीचा शेंदरी. नाही? मंग लाल घे."

झुंजीला उतरण्याआधी नव्या माणसाला थोडे प्राणी पकडावे लागतात. मावशी चहा उकळत ठेवून प्राणी पकडू लागली. बोटाने चेंडू फेकायचा असतो, तिचा कधी रस्त्यापलीकडे जायचा. "पयालं पयालं!" असं ओरडायची, आणि सापडला की त्याला नाव ठेवायची. आपल्या जावांची नावं ठेवली तिने सगळ्यांना. मी कॉलेजमधून परत येताना मुद्दाम थांबायचो. त्या दिवसांत वाक्यं जुळवायची आठवणही व्हायची नाही. मावशीशी मी 'मले, तुले' करूनच बोलायचो.

माझं काम एकच होतं, राखाडीला खाऊ घालणं थांबवणं. त्याशिवाय मावशीच्या कच्च्या प्राण्यांपुढे तो हरला नसता. बदाम पाऊण झाला, अर्धा झाला. खिशात बोरं असताना मी तसाच निघून जायचो. रात्री गावातून अखाडा उघडून पाहायचो. माझा एक छोटा प्राणी त्याच्या शेजारी होताच, म्हणून दिसायचं. राखाडी मान खाली घालून उभा असायचा. मनाला सांगायचो, दिवाळीपर्यंत घरी जाशील.

दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात मावशी जिंकली. तीन-चारदा हरली, आम्ही तिच्या प्राण्यांना औषध पाजून पुन्हा पाठवले, शेवटी राखाडी कोसळला आणि पडद्यावरून उडून गेला. त्याच्यामागून माझाही छोटा माझ्याकडे आला. अखाडा मोकळा झाला, मग मावशीच्या मधल्या जावेने तो लाल केला.

"गेलं का घरी?" मावशीने विचारलं.

"गेलं."

"आता कसं बरं वाटते," ती म्हणाली आणि कढईत भजी सोडली.

मलाही बरं वाटलं. थोडं रिकामंही वाटलं, कारण आता तिथे त्या माणसाची काहीच खूण नव्हती. पण जनावर मालकाकडे पोचवलं होतं. मला वाटायचं, त्याला कळेल की इथल्या कोणीतरी आठवणीने हे केलं.

दिवाळीनंतर जिनिंग सुरू झाली. माल कमीच होता, पण गाड्या येऊ लागल्या. बाबा पुन्हा कामावर जाऊ लागले. ते ड्रायव्हरांना विचारत होते हे मला माहीत नव्हतं. जनावर घरी गेल्याचं मी त्यांना सांगितलं होतं, तरी ते विचारत राहिले. 'तुमच्यात मोबाइलवर जनावरं पकडणारा कोणी आहे का' असं आपल्या हिंदीत एकेका ट्रकपाशी जाऊन विचारणारा हमाल मी पुढे अनेकदा डोळ्यांसमोर आणला आहे. ते लोक किती हसले असतील.

एका संध्याकाळी बाबा आले. अंगावर, भुवयांवर रुई चिकटलेली. हातपाय न धुताच ओट्यावर बसले.

"सापडला तुयावाला मानूस."

मी पुस्तक मिटलं.

"आदिलाबादकडचा हाये. गाठीची गाडी चालवे. आता त्याचा साळा चालवते तेच गाडी. साळाच भेटला आज मले."

"मग तो?"

"घरी हाये. गेल्या हिवाळ्यात तिकडे माल उतरवतानी गाठ पडली पायावर. पाय वाचला, पण चालनं होत नाही. खाटेवरच बसून राह्यते." बाबांनी लोटा तोंडाला लावला, प्यायले. "साळा म्हने, जिजाजी रोज सकाळी मोबाइल उघडून ते जनावर पाहे. बायकोले दाखवे, लेकरायले दाखवे. कोनीतरी चारते म्हने तिकडे, रोज. इतक्या दूर कोन असंन म्हने. तुया खेळातलं नाव पाठ हाये त्याले."

बाबा खूश दिसत होते. वर्षभरात त्यांनी एवढं सलग बोललेलं मला आठवत नव्हतं.

"मंग दिवाळीच्या आधी चारनं बंद झालं म्हने. ते जनावर वाळत गेलं. त्याच्याजवळचे बोरं सरले होते, चालल्याशिवाय नवे भेटत नाही म्हनते. पाहत राह्यला बिचारा. अन् एक दिवस आलं घरी."

"आलं ना?" मी म्हणालो.

"आलं. पन साळ्यानं इचारलं मले, तो अखाडा आता दिसत काहून नाही म्हने जिजाजीले? मी म्हनलो, माया पोराले इचारून सांगतो."

माझ्या चेहऱ्याकडे पाहून त्यांचा आवाज उतरला.

"त्या दिवसापासून त्यानं मोबाइल उघडला नाही म्हनते बाबू."